रोपवेचा इतिहास, मुक्काम अधांतरी

"नारदमुनी सोडले, तर आभाळातून कीर्तन करणारा तिन्ही लोकांत म्या पहिलाच!"

बलभीमनं हे आरशापुढं उभं राहून जाहीर केलं. अंगात कडक इस्त्रीचा सदरा, खांद्यावर उपरणं, कपाळाला बुक्का आणि डोक्यावर पुन्हा पुन्हा सुटणारा फेटा! आतून त्याची बायको विठाबाई म्हणाली, "नारदमुनींच्या पायात खडावा हुत्या. तुमच्या पायात माजी चप्पल हाय. काढा आधी!"

मोठ्या कामाला निघालेल्या माणसाला घरचे असेच निरोप देतात. बलभीमनं चप्पल बदलली आणि मान ताठ ठेवून, म्हणजे फेटा सांभाळत, तो निघाला.

देवखडक हे वाशी तालुक्यातलं, बालाघाटाच्या कुशीतलं गाव. एका अंगाला डोंगर, डोंगरावर महादेव, पायथ्याला तलाव, तलावाच्या काठी रणधीररावांचं रिसॉर्ट आणि रिसॉर्टपासून थेट महादेवापर्यंत तलावावरून गेलेली रोपवेची तार. तारेला लाल डबा लटकतो. त्यात बसलं की माणूस वर जाता जाता निम्मा भाविक होतो. खाली बघितलं की उरलेला निम्माही होतो!

या रोपवेच्या तिकीटखिडकीत बलभीम पहिल्या दिवसापासून बसला. पण त्याचा जीव तिकिटात नव्हता, तो कीर्तनात होता. कीर्तन बेंबळीला असो की येडशीला, मागच्या रांगेत टाळ घेऊन हा हजर. महाराजांनी दृष्टांताला तोंड फोडलं की याचे डोळे भरून येणार आणि ओठ हलायला लागणार, कारण पुढचा दृष्टांत पाठ! आम्ही कीर्तनवेडी माणसं अशीच असतो, त्याला इलाज नाही. फक्त एक गोष्ट होती. इतकी वर्षं टाळ कुटूनही नारदाच्या गादीवर त्याला कुणी कधी उभं केलं नव्हतं.

गावच्या सप्त्याचा सगळा कारभार बसवेशअप्पांच्या हाती. त्यांच्याकडं बलभीमची दरसाल एकच मागणी असायची.

"अप्पा, यंदा सप्त्यात एक दिवस मला द्या."

"तू टाळ वाजीव."

"टाळ वाजवून वाजवून केस पिकले, अप्पा!"

"पिकू दे. टाळाला काय केसाची अडचण हाय?"

दरसाल हे एवढंच. पण यंदा, बरीच वर्षं बंद पडलेला रोपवे पुन्हा सुरू करायचं ठरलं आणि रणधीररावांच्या डोक्यातून एक कल्पना निघाली. शुभारंभाला भाषणं ठेवली तर लोक जेवणाच्या मांडवात जाऊन बसतात. त्यापेक्षा रोपवेचा इतिहास कीर्तनातून सांगायचा, आणि तोही वरून खाली येणाऱ्या डब्यातून! महादेवापासून डबा निघेल, कीर्तनाचा आवाज कर्ण्यावरून साऱ्या तलावाकाठी घुमेल आणि डबा फलाटाला लागला की आरती. हा इतिहास बलभीमशिवाय सांगणार कोण?

अप्पांनी मान डोलावली. "जमव. गावाला गोड लागलं, तर सप्त्यात एक दिवस तुजा. न्हाय लागलं, तर पुन्हा इषय काढायचा न्हाय. जल्मात!"

झालं! त्या दिवसापासून बलभीमनं म्हशीला, बाजेला आणि विठाबाईला रोपवेचा इतिहास ऐकवून हैराण केलं. त्यातली म्हैस तेवढी शेवटपर्यंत ऐकून घ्यायची.

रणधीररावांनी आदल्या दिवशी बजावलं, "बलभीमकाका, एक ध्यानात ठेवा. डबा फलाटाला लागेपर्यंत आवाज थांबवायचा न्हाय. मधीच गप्प झालात, तर पाव्हण्यांना वाटंल डब्यात काय तरी बिघडलं. माजी इज्जत तुमच्या तोंडात हाय!"

"मालक, बिनघोर ऱ्हावा. डबा टेकंपर्यंत जीभ टेकणार न्हाय."

शुभारंभाच्या दिवशी बलभीम वरच्या ठेसनात पोचला. सोबत पखवाजाला शिवराज, गुणी पण अबोल पोरगा. त्याला जे म्हणायचं ते तो पखवाजावर म्हणतो. आणि मानाची पाव्हणी म्हणून धुरपताबाई. धुरपताबाई गावातलं सगळ्यांत जुनं माणूस. सारा जन्म याच डोंगरावर शेळ्या चारण्यात गेला. रणधीररावांनी तिला शाल-नारळ देऊन सकाळीच सत्कार उरकला होता. शाल तिनं डोक्यावर घेतली होती आणि नारळ काखेत.

डब्यात पाय ठेवायच्या आधी बलभीमनं आपला आणि शिवराजचा मोबाईल महादेवाच्या पुजाऱ्याकडं देऊन टाकला. "कीर्तनात फोन वाजला की नारद उठून जातो, शिवराज. कायम ध्यानात ठेव!"

शिवराजनं पखवाजावर एक 'धा' मारून होकार दिला.

डबा हलला. तारेवरून हळूहळू खाली सरकायला लागला. फेटा सावरता सावरता डबा तलावावर आला, तेव्हा बलभीमनं माईक हातात घेतला, डोळे मिटले आणि जन्मभर दुसऱ्यांच्या तोंडून ऐकलेला नामगजर स्वतःच्या तोंडून सुरू केला. काय आवाज लागला म्हणता! तलावाकाठचे बगळे उडाले. खाली हजारभर माणसांचे हात आपोआप जोडले गेले.

आणि तलावाच्या बरोबर मध्यावर, पाण्यापासून चांगल्या उंचीवर, डबा थांबला.

खाली काय झालं होतं ते बलभीमला मागाहून कळलं. तुम्हाला आत्ताच सांगून टाकतो. देवखडकात एक रीत आहे. कीर्तन उभं राहिलं की गावातलं एकूण एक यंत्र बंद. पिठाची गिरणी बंद, मोटार बंद, ट्रॅक्टर असेल तिथं उभा. एकदा ऐन कीर्तनात एक वरात वेशीवर आली, तर बाजेवाल्यांनी बाजा काखेत मारला आणि नवरदेव घोड्यावरून उतरून चोरपावलानं मांडवात गेला. आणि दुसरी रीत त्याहून कडक. गादीवर उभ्या राहिलेल्या कीर्तनकाराला शेवटचा जयघोष होईपर्यंत जागचं हलवायचं नाही. साक्षात पाऊस आला, तरी छत्री धरायची, महाराजांना सरकवायचं नाही.

रोपवेचं यंत्र चालवणारा बिरू हा तर कीर्तनातला पहिल्या रांगेतला माणूस. नामगजर कानावर पडला मात्र, त्यानं भक्तिभावानं बटन दाबलं, यंत्र बंद केलं, टोपी काढली आणि हात जोडून बसला! जयघोष झाला की म्हाराजास्नी अल्लाद खाली घ्यायचं, एवढं त्याच्या मनात पक्कं.

म्हणजे बघा. बिरू थांबला होता कीर्तन संपायची वाट बघत. आणि बलभीम कीर्तन लांबवणार होता डबा टेकायची वाट बघत!

वर बलभीमला वाटलं, असेल जरा रचना. लोकांना नीट दिसावं म्हणून थांबवलं असेल. तो रंगात आला.

"मायबाप हो! हा तलाव कुठला? म्हनाल, देवानं दिला. देवानं दुष्काळ दिला! तलाव आपल्या आज्यांनी खोदला. दुष्काळी कामावर पोटाला चिमटा घिऊन पाटी उचलली, तवा हितं पाणी साठलं!"

खाली म्हातारी माणसं डोळे पुसायला लागली. बलभीमनं ते वरून बघितलं आणि मनात सप्त्याचा दिवससुद्धा निवडून टाकला.

"पुढं वरच्या देवळाचा जीर्णोद्धार निघाला. वाळू वर न्यायची कशी? मग ह्या रणधीररावांचे वडील, कृष्णराजमालक, त्यांनी तार बांधली. तारंला लोखंडी पाळणा लावला. वर बैलाची जोडी वढायची, खाली पाळण्यात वाळू. तोच आपला पहिला रोपवे! आन मंग एका शुभदिनी त्या पाळण्यात पहिला प्रवासी बसला. कोन हुता तो? एक महान तपस्वी! गळ्यात माळ, चेहऱ्यावर तेज, पांढरी शुभ्र दाढी..."

"शेळी हुती ती," धुरपताबाई म्हणाली.

माईक लांब नव्हता. ते वाक्य कर्ण्यावरून तलावाला वळसा घालून आलं.

बलभीमनं माईक छातीशी दाबला. "आत्या, गप बसा की!"

"का बरं? माजीच शेळी. वाळूच्या पाळण्यात पाला पडला हुता, तो खायला चढली. बैलं हालली, शेळी वर गेली! ती आरामात पाला खात गेली, म्हनूनच कृष्णराजमालकाच्या ध्यानात आलं, की हितं माणूसबी बसंल. दाढी मातर हुती. ते तुजं बराबर हाय."

खाली हशा उसळला. पण कीर्तनाला हसू चालतं, चांगलं लक्षण आहे. बलभीमनं पटकन सांधा जुळवला. "तर मायबाप हो, पहिला मान मुक्या जिवाला! ह्याला म्हनायचं भूतदया!" शिवराजनं तुकडा वाजवला. टाळ्या पडल्या. बलभीमनं पुढचा इतिहास सांगितला. लाल डबे कसे आले, लातूर-बार्शीकडून गाड्या भरभरून माणसं कशी आली, मग तलाव आटला, पाव्हणे आटले, रोपवे बंद पडून डब्यात चिमण्यांनी घरटी कशी केली आणि आज तलावही भरला अन् रोपवेही कसा जागा झाला. मजकूर संपला. इथं डबा फलाटाला लागायचा होता.

डबा जागेवर होता.

बलभीमनं खाली बघितलं. रणधीरराव मंडपापुढं येऊन दोन्ही हात डोक्यावर नेऊन जोराजोरात हलवत होते. 'संपवा, संपवा!' असं त्यांचं म्हणणं होतं. माईक एकच, तोही डब्यात. कर्ण्यापुढं त्यांचा आवाज कुठला पोचतोय!

"मालक खूश हायत!" बलभीम शिवराजला हळूच म्हणाला. "म्हनत्यात, चालू द्या!"

खाली रणधीरराव यंत्राच्या खोलीत धावले. "बिरू! डबा हलीव!"

बिरूनं डोळे उघडले. "मालक, कीर्तन चालू हाय."

"ते डबा हलल्याबिगर थांबायचं न्हाय!"

"मंग ऐका की! लई ग्वाड चाललंय."

"अरं, पाव्हणे खोळंबलेत! आमटी थंड झाली!"

बिरूनं हात जोडले. "म्या काय तुमच्या हुकमाबाहीर न्हाय. पर नारदाच्या गादीवरनं मानूस हालीवला, असं पाप माज्या बटनानं हुनार न्हाय. तुमी अप्पास्नी विचारा."

रणधीररावांनी अप्पांना विचारलं. अप्पा मांडी घालून, डोळे मिटून डोलत होते. त्यांनी एक डोळा उघडला. "जयघोष झाला का?"

"न्हाय."

"मंग बसा खाली."

भरल्या गावासमोर कीर्तन मोडा म्हणायची छाती रणधीररावांना झाली नाही. ते बसले.

वर बलभीमचा घसा कोरडा पडायला लागला होता. थांबावं, तर मालकाची इज्जत जाते, पाव्हण्यांना बिघाड वाटतो आणि सप्त्याचा दिवस जन्माचा हुकतो. जयघोष करून टाकावा, तर कीर्तन संपलं. मग डबा टेकेपर्यंत बोलायचं काय? एकदा संपलेलं कीर्तन पुन्हा उभं करता येत नाही. तेव्हा एकच वाट होती. इतिहास आणखी मागं न्यायचा!

त्यानं तो निजामाच्या काळात नेला. एका जाडजूड तहसीलदाराला महादेवाच्या दर्शनाला टोपलीत घालून दोरानं वर ओढलं, दोर तुटला आणि साहेब थेट मातीच्या ढिगात बसले, असं त्यानं सांगितलं. हे घडलं की नाही, महादेव जाणे. पण ऐकणाऱ्यांत एक म्हातारा म्हणाला, "माजा आजा हुता दोर वढायला!"

डबा तिथंच.

बलभीमनं युग बदललं. "मायबाप हो! खरा आकाशमार्ग कुठं हुता? तरेतायुगात! आपल्या शेजारी येडशीच्या रामलिंगाला काय झालं? रावण सीतामाईला घिऊन आभाळातनं चाललेला. आन जटायूनं काय केलं? भर आभाळात रथ अडवला! मधीच! अधांतरी!"

"त्यो जटायूनं अडवला," धुरपताबाई म्हणाली. "आपला कुनी अडवला रं?"

कर्ण्यावरून हा प्रश्न साऱ्या काठाला गेला. बिरूनं मान खाली घातली. पण कीर्तनातल्या प्रश्नाचं उत्तर कीर्तनकारानं द्यायचं असतं, श्रोत्यानं नाही.

एवढ्यात पखवाजाचं तोंड फिरलं. घुमाऱ्यासाठी डाव्या बाजूला लावलेली कणीक उन्हानं वाळून खडखडीत झाली होती. घुमारा गेला आणि पत्र्याच्या डब्यावर वाटाणे पडावेत तसा आवाज यायला लागला. कणकेला पाणी हवं. खाली अख्खा तलाव, डब्यात थेंब नाही!

"आत्या, नारळ द्या!"

"माज्या सत्काराचा हाय!"

"देवाच्या कामाला लागतुय, आत्या!"

धुरपताबाईनं नाखुशीनं नारळ दिला. शिवराजनं तो डब्याच्या लोखंडी दांड्यावर आपटला. खाली कर्ण्यातून धाडकन आवाज आला आणि बायका किंचाळल्या. "तार तुटली! तार तुटली!" पाठोपाठ माईकवर बलभीमचा आवाज: "सांडू नगंस! धर, धर, धर!" पाव्हण्यांतले दोघं उठून उभे राहिले. मग वरून पखवाज पुन्हा घुमला आणि पाठोपाठ खोबरं चावल्याचा स्पष्ट आवाज आला. तो धुरपताबाईचा होता. लोक पुन्हा बसले.

त्रेतायुगही संपलं. सत्ययुगात तलाव कुठला आणि तार कुठली! इतिहास पार तळाला लागला. तेव्हा बलभीमला सुचलं, मागं जागा उरली नाही ना? मग पुढं जायचं!

"मायबाप हो! झालं ते सांगितलं. आता हुनार ते ऐका! हा रोपवे हितंच थांबनार न्हाय! हा वाशीला जाईल! येडशीच्या ठेसनाला जाईल! रेल्वेतनं उतरलेला मानूस जमिनीला पाय न लावता महादेवाम्होरं! आन आपले रणधीरमालक, मायबाप हो, लई मोठ्या मनाचे! देवखडकाच्या लेकराबाळांना, सुनांना, माहेरवाशिणींना हा रोपवे जल्मभर फुकट!"

टाळ्यांनी तलाव दणाणला. शिट्ट्या वाजल्या. माहेरवाशिणींनी रणधीररावांच्या बाजूला बघून पदर सावरून नमस्कार केले. रणधीरराव उभे राहून 'नाही, नाही' असे हात हलवत होते. लोकांना तो विनय वाटला. टाळ्या वाढल्या!

अप्पा डोलता डोलता म्हणाले, "गादीवरनं दिलेला शब्द. मोडता येत न्हाय हां, रणधीर."

वर मात्र बलभीमची जीभ टाळूला चिकटली. भविष्यही संपलं होतं. त्यानं तोंड उघडलं, बंद केलं, पुन्हा उघडलं. शिवराजनं नुसता ठेका धरून वेळ भरून काढला. बलभीमच्या डोळ्यांत पाणी आलं. सगळ्या जन्मात एकदा गादी मिळाली, आणि ती अशी मधेच लटकलेली! सप्ता गेला. आता पुन्हा मागची रांग, पुन्हा टाळ!

"बलभीमा," धुरपताबाई म्हणाली, "संपव की रं आता."

"डबा टेकल्याबिगर कसं संपवू, आत्या?"

"संपवल्याबिगर डबा कसा टेकंल? यंत्रावर बिऱ्या हाय न्हवं? त्यो सुताराचा रंधा ऐकला तरी कीर्तन समजून टोपी काढतुय! आन माईक हिकडं!"

तिनं माईक घेतला, शाल सावरली आणि शेळ्या हाकायच्या आवाजात एकदाच ललकारी दिली. "बोला, पुंडलिक वरदे...!"

साऱ्या काठानं एका तोंडानं उत्तर दिलं, "हरि विठ्ठल!"

बिरूनं टोपी घातली आणि बटन दाबलं.

डब्याला असा हिसका बसला की बलभीम शिवराजच्या मांडीत, शिवराज पखवाजावर आणि फेटा तलावात! फेटा थोडा वेळ बदकासारखा तरंगला. डबा मात्र अलगद, तुपात सुरी जावी तसा, फलाटाला लागला.

रणधीरराव काही बोलायच्या आत बाया डब्याला येऊन भिडल्या. माहेरवाशिणी बलभीमच्या पाया पडल्या. बुक्का लागला, हार पडला. विठाबाईनं पुढं होऊन त्याच्या उघड्या डोक्यावर स्वतःचा पदर धरला, ऊन होतं म्हणून, आणि कानात म्हणाली, "शेळीचं लई झ्याक सांगितलं."

मग बसवेशअप्पा आले. गर्दी बाजूला झाली. बलभीमनं वाकून नमस्कार केला, पण वर बघायची छाती होईना.

"बलभीम," अप्पा म्हणाले, "गावाला ग्वाड लागलं. सप्त्यात एक दिवस तुजा."

बलभीमला हुंदका फुटला. "अप्पा! कुठला दिवस?"

"दिवस कुठलाबी घे. फकस्त कीर्तन डब्यातच करायचं."

"डब्यात? देवळात का न्हाय?"

"देवळात तू उभा ऱ्हायलास, तर तुला आवरायचं कुनी? थेट तरेतायुगापतुर गेलास, बाबा! डब्याला निदान बटन तरी हाय."

सगळे हसले. बलभीमही हसला. एक दिवस तो एक दिवस, डब्यात तर डब्यात! तेवढ्यात यंत्राच्या खोलीतून बिरू हात जोडत पुढं आला.

"पर अप्पा, कीर्तन चालू असताना म्या बटन दाबायचं कसं?"

अप्पांनी रणधीररावांकडं बघितलं, रणधीररावांनी बलभीमकडं, बलभीमनं शिवराजकडं आणि शिवराजनं पखवाजाकडं. मग सगळ्यांना एकदमच धुरपताबाईची आठवण झाली आणि सगळ्या माना वळल्या.

ती केव्हाच निघून गेली होती. डोंगराच्या पायवाटेनं, डोक्यावर शाल घेऊन, उरलेलं खोबरं खात ती आपल्या पायांनी वर चालली होती.